पाद्यपूजा

पुंडलिकनगरात आशाबाईला सगळे ओळखतात ते तिच्या चपळ हातांमुळे. गल्लीतल्या बायकांची कणीक भिजेपर्यंत तिनं नवऱ्याचं तोंड धुतलेलं असतं, गुंड्या लावलेल्या असतात, नाडी बांधलेली असते. रामकिसन एकेकाळी चिकलठाण्यातल्या एका कारखान्याकडून बॉक्सिंग खेळायचा. आता त्याचे हात थरथरतात, जीभ जड झालीय. कधी झोपेत ठोसा मारतो आणि सकाळी तिच्या सुजलेल्या गालाकडं बघून विचारतो, "कोनी मारलं गं?"

कोणी, ते तिला ठाऊक होतं. शेवटच्या सामन्याआधी त्याला एकाचे दोन दिसत होते, डोकं ठणकत होतं. डॉक्टरनं खेळू नको म्हणून सांगितलं होतं. त्याचे उस्ताद तात्यासाहेब चारचौघांत हसले. "डोकं बायकांचं दुखतं," म्हणाले, आणि त्याला रिंगमध्ये उतरवलं. रामकिसननं कप जिंकला. पुढं तो आजारी पडल्यावर आशाबाईनं किती निरोप धाडले, पण तात्यासाहेब या घराची पायरी चढले नाहीत.

यंदा त्यांनी मुलांसाठी बॉक्सिंगचे वर्ग काढले. गुरुपौर्णिमेला प्रवेश सुरू. हॉलच्या दारावरच्या बॅनरवर कप उंचावलेला रामकिसन.

आशाबाईनं त्याला इस्त्रीचा सदरा घातला, पिशवीत तांब्या, ताम्हण, कुंकू, फुलं घेतली. तो हरखला. उस्तादांवर त्याचा जीव तसाच होता. तिला सगळ्यात जास्त खुपायचं ते हेच.

हॉलमध्ये मुलांना घेऊन आईबाप बसले होते. बॅनरवरचा तो हाच, गुरूंचे पाय धुवायला आलाय, असं तिनं सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं. तात्यासाहेबांना नाही म्हणता येईना. पँट दुमडून त्यांनी पाय ताम्हणात ठेवले.

ती मागं सरली आणि हात पदरात गुंडाळून उभी राहिली.

रामकिसनच्या हातात तांब्या हिंदकळला. पाणी सतरंजीवर, पँटवर, त्याच्या स्वतःच्या मांडीवर. कुंकवाचं बोट कितीतरी वेळ अंगठा शोधत राहिलं. फुलं सांडली, तो एकेक वेचू लागला. लाळ गळली. तिचे हात पदरात वळवळले. तिनं ते सोडवले नाहीत.

"पोचली रे पूजा," तात्यासाहेब पुटपुटले. "बाई, आवरा त्याला."

"नाय, पुरी होऊ द्या. तुमचा पैला चेला हाय. लोकांना बघू द्या, तुम्ही कसा घडवला ते."

एक बाई मुलाचा हात धरून उठली. मग दुसरी. दारात चपला शोधल्याचे आवाज होत राहिले. रामकिसन अंगठ्यावर फूल ठेवत होता.

रिक्षात त्यानं विचारलं, "नीट झाली ना गं पूजा?"

तिनं त्याच्या ओठाच्या कडेची लाळ पुसली.

"लई नीट."