गोडाऊनमधली झडती

या ग्रुपवर मी बरेच दिवस नुसती वाचते. लाइकसुद्धा करत नाही. तुमचे अनुभव वाचताना माझ्या डोक्यात कायम एकच प्रश्न येतो — त्या वेळी तिथे अजून कोण होतं? मला संशय येतो तो माणसांचा. भुतांशी माझी तेवढी ओळखच नाही. शाळा कॉन्व्हेंटची, आई-बाबा दोघंही ऑफिसला जाणारे, हा विषय आमच्याकडे कधी निघालाच नाही. मराठीत एवढं मोठं पहिल्यांदाच लिहितेय, चुका सांभाळून घ्या. आणि वाचून एखादं साधं, माणसाचं उत्तर सुचलं तर प्लीज सांगा. मला तेच हवंय.

नावं बदलली आहेत. आम्ही यवतमाळचे. मागच्या हिवाळ्यात पुसदच्या मावशीने माझ्यासाठी एक स्थळ आणलं. मुलगा — त्याला सौरभ म्हणू — यवतमाळातच एका कॉलेजात इतिहास शिकवतो. बायोडाटात छंदापुढे लिहिलं होतं की तो रविवारी सकाळी लोकांना पायी गाव फिरवतो, 'महायुद्धातलं यवतमाळ' दाखवायला. मोजकीच माणसं घेतो, नाव व्हॉट्सॲपवर नोंदवायचं. माझा फोटो अजून त्यांच्याकडे गेला नव्हता. म्हटलं, तो मला बघायला येण्याआधी आपणच त्याला बघून यावं. नोंदणी नाझियाने केली. ती माझी शाळेपासूनची मैत्रीण, तिच्या अब्बूंचं गॅरेज आहे. माझं नाव तिने 'पूजा' असं ठोकून दिलं.

"पोरगा पाहाले चाल्ली का हिस्टरी पाहाले?" स्कूटी काढताना तिने विचारलं. "नाही, मंग मले समजंल ना कुठं हसाचं अन् कुठं मान हलवाची."

आम्ही पाच जण होतो. नाझिया, मी, एक रिटायर्ड काका आणि त्यांच्या काकू, आणि गळ्यात कॅमेरा अडकवलेले एक सर, जे कोणाशीच बोलत नव्हते. मला ते बरं वाटलं.

सौरभ चांगलं बोलत होता. नॅरोगेजच्या रुळांवर आता गवत वाढलंय, तिथे उभं राहून त्याने सांगितलं की युद्धाच्या दिवसांत इथला कापूस तंबूंसाठी, बँडेजसाठी जायचा, आणि गावात मात्र दिव्याला रॉकेल मिळायचं नाही. एका ठिकाणी म्हणाला, "हे ऐकीव आहे, पुरावा माझ्याकडे नाही." काकू मागे पडल्या की थांबायचा. मी मनात मार्क देत होते. मग नेहमीसारखं झालं — इतका बरा आहे, तर याचं अजून जमलं का नाही?

शेवटी आम्ही एका बंद पडलेल्या जिनिंग फॅक्टरीत गेलो. मालकाची परवानगी त्याने घेतलेली होती, चौकीदार फाटक उघडून चहाला निघून गेला. फाटकाशी एक दगडी कट्टा आहे. तो म्हणाला, कापसाला एक ठिणगी पुरते, आणि युद्धात तर आग लागली की आधी घातपाताचा संशय. म्हणून प्रत्येक कामगाराची इथे झडती व्हायची. काडीपेटी, बिडी, सगळं या कट्ट्यावर काढून ठेवायचं, मगच आत.

"काका, काडीपेटी?" त्याने हसत विचारलं.

"सोडली त्यायनं," काकूच बोलल्या. "दिवाळीपासून हात नाही लावला."

काका स्वेटर सारखा करत पुढे निघाले.

आत मोठं गोडाऊन. वर पत्रे, खिडक्या विटांनी बुजवलेल्या. कापूस नाही, पण सरकीचा वास अजून आहे. सौरभ म्हणाला, "ब्लॅकआऊट म्हणजे काय ते मिनिटभर अनुभवू. मी दार बाहेरून ओढतो आणि बाहेरून बोलत राहतो. कोणाला भीती वाटली तर हाक मारा, लगेच उघडेन."

दार बंद झालं. इतका काळोख मी कधी पाहिला नव्हता. त्याचा आवाज येत होता, पण पत्र्याखाली तो घुमत होता... समोरून येतोय की मागून, काही कळत नव्हतं.

आणि कोणीतरी माझ्या कंबरेला हात लावला.

मी जागच्या जागी थिजले. हाक मारायला हवी होती. मारली नाही. मी वर्गात पाणी प्यायला जाऊ का हेसुद्धा कधी विचारलं नाही. हात डाव्या बाजूने भरभर फिरला, उलट्या हाताने. मग माझ्या ओढणीचं टोक धरलं गेलं, दोन बोटांत चुरगाळून पाहिलं आणि सोडून दिलं. बस्स. खरखरीत, लहानसा हात. घाईतला.

दार उघडलं तेव्हा सौरभ बाहेर उन्हात होता, एक हात कडीवर. पण तो पूर्ण वेळ बाहेरच होता हे कोणी पाहिलं होतं? मी त्याच्याकडे पाहिलं आणि मनातले सगळे मार्क खोडले.

बाहेर पडताना फाटकाशी तो थांबला. "हा लायटर कोणाचा राहिला?" जाताना रिकाम्या असलेल्या कट्ट्यावर एक निळा लायटर होता. कोणीच पुढे झालं नाही. पण मी पाहिलं — काकांचा हात स्वेटरच्या आतल्या खिशात गेला आणि रिकामा बाहेर आला. मग ते लिंबाच्या झाडाकडे बघत राहिले.

कोपऱ्यावर चहा घेतला. सौरभ पैसे द्यायला गेला होता. काकू एकदम काकांवर घसरल्या.

"अवो, लाज नाही वाटत काय या वयात? लोकायत उभे आहो आपण. काहून कनवटीले हात घालत होते?"

"म्या काय केलं बाप्पा? माहा हात तं तुह्या हातात होता. तूच तं सोडत नव्हती."

"अन् दुसरा?"

"दुसऱ्यात तुहीच थैली होती."

नाझिया हसायला लागली. "काकू, मले वाटलं हे या पूजानंच केलं. माह्या कुर्त्याचा खिसा पाह्यला हिनं." मग तिने माझा चेहरा पाहिला आणि हसणं थांबवलं.

कॅमेरावाले सर चहा अर्धा टाकून निघून गेले. त्यांना काय झालं, काही झालं की नाही, मला माहीत नाही. त्यांच्यावरही माझा संशय आहेच.

घरी मी कोणालाच सांगितलं नाही. मावशीचे फोन सुरू झाले. आई विचारायची, "तुझं काय ठरलं?" काय सांगणार? त्याने मला अंधारात हात लावला असेल तर हे स्थळ त्याच क्षणी संपलं होतं. त्याने लावला नसेल तर एका चांगल्या माणसावर मी घाणेरडा आळ घेत होते. आणि बायोडाटात यातलं काहीच लिहिलेलं नसतं.

शेवटी म्हटलं, घरी कार्यक्रम नको, एकदा बाहेर भेटते. ज्यूस सेंटरवर भेटलो. मागच्या टेबलावर नाझिया.

तो पाहताच म्हणाला, "तुम्ही पूजा ना?"

"नाही," मी म्हटलं. "मी तीच, तुमच्याकडे जिचा बायोडाटा आलाय." माझे कान तापले होते. थांबले असते तर कधीच बोलले नसते. "अंधारात तुम्ही माझ्या अंगाला हात लावला का?"

तो चिडला नाही. हातातला ग्लास फिरवत राहिला. मग हळू विचारलं, "कुठे?"

मला त्या प्रश्नाचाच राग आला. तरी सांगितलं. कंबर. डावी बाजू. ओढणीचं टोक.

"टोक चुरगाळलं?"

"हो."

त्याने ग्लास खाली ठेवला. "बायकांची झडती तशी घ्यायचे. कनवटीत तंबाखू असायची. काड्या पदराच्या टोकाला गाठ मारून बांधायच्या. झडती घ्यायला बाईच असायची, बायकांसाठी वेगळी. जुन्या कामगारांकडून ऐकलंय मी."

"हे तुम्ही आम्हाला सांगितलं नव्हतं."

"कोणालाच सांगत नाही. बायकांच्या झडतीचं बोललं की लोक घाण हसतात. म्हणून वगळतो."

"म्हणजे हे फक्त तुम्हाला माहीत होतं."

त्याच्या लक्षात आलं मी काय म्हणतेय. "हो," तो म्हणाला. "पण मी बाहेर होतो."

"हेही तुम्हीच सांगताय."

"हो. मी काय केलं म्हणजे तुम्हाला खरं वाटेल?"

मी खूप विचार केला. आजही करते.

स्कूटीवर नाझिया म्हणाली, "मले तरी त्याचा आवाज बाहेरूनच आला. अन् त्याचे हात पाह्यले का तू? केवढे मोठे आहेत." मी म्हटलं, त्याने दुसऱ्या कोणाला आत उभं केलं असेल. लोकांना मजा वाटावी म्हणून. ती म्हणाली, "तुह्यासारखी पोलिसात पाह्यजे होती."

पुढच्या आठवड्यात आम्ही दोघीच परत गेलो. भर दुपारी. फाटकावरच्या चौकीदाराने ओळखलं आणि आत सोडलं. मी आत उभी राहिले, नाझियाने बाहेरून दार ओढलं आणि मुद्दाम मोठ्याने गाणं म्हणत राहिली. मी ओढणीचं टोक पुढे धरून वाट पाहत होते. लपायला जागा नाही, दुसरं दार नाही, हे आधीच तपासलं होतं. मला मनापासून वाटत होतं, यावा तो हात. आला असता तर मी बाहेर येऊन मावशीला हो म्हटलं असतं.

काहीच झालं नाही.

मी नकार कळवला. आईला कारण सांगितलं, स्वभाव जुळणार नाही. नाझियाला खरं सांगितलं — घरात कधी लाइट गेली की त्याचे हात कुठे आहेत हे मी आयुष्यभर बघत राहीन. त्याने केलं नसलं तरी. ती म्हणाली, "मंग त्याची काय चूक?"

आता मावशी सांगते, त्याचं ढाणकीकडच्या एका मुलीशी जमलंय. इन्स्टाग्रामवर ती मला लगेच सापडली. हसरी आहे, फोटोत एक पांढरं मांजर असतं. तिला मेसेज लिहायला मी कितीतरी वेळा घेतला. तो तसा असेल तर तिला कळायला हवं. नसेल तर माझ्या दोन ओळींनी तिच्याही मनात कायमचा तो अंधार शिरेल.

तिचं प्रोफाइल आत्ताही उघडं आहे. तिला काय लिहू ते मला कळत नाही, कारण त्या गोडाऊनमध्ये काय झालं हेच मला अजून कळलेलं नाही.