बिनव्याजी घर आणि पुढची खोली

आमच्या घरावर कर्ज होते, पण व्याज नव्हते. एवढ्या एका गोष्टीवर आप्पांनी नंदुरबारच्या बाजारात जवळजवळ दहा वर्षे मान ताठ ठेवली. आप्पा म्हणजे माझे वडील. त्यांचा शिंप्याचा धंदा. सदरे, बंड्या, कोपऱ्या शिवत. गळ्यात टेप नसेल तर ते उघडे वाटत.

मी इंग्रजी तिसरीत असताना त्यांनी बाजारालगतच्या गल्लीत एक लहानसे घर विकत घेतले. किंमत आठशे रुपये. तीनशे त्यांच्याजवळ होते. उरलेले पाचशे मिरचीच्या एका व्यापाऱ्याने दिले. आम्ही त्याला नुसते शेठ म्हणत असू. शेठचा स्वभाव गोड होता. तो म्हणाला, "आप्पा, तुमनाकडथीन व्याज लेवाले मी काय परका शे? व्याज नको. फक्त पुढली खोली माले मिरच्या ठेवाले द्या. दहा वरिसमा पाचशे परत करा, खोली तुमनी."

आणि पाचशे परत झाले नाहीत, तर दहाव्या वर्षाच्या आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, सगळे घर शेठचे. हेही कागदावर होते, पण ते इतके खाली आणि इतके बारीक लिहिले होते की आप्पांना ते शोभेसाठी असावे असे वाटले.

आप्पांनी आनंदाने सही केली. व्याज देणाऱ्या लोकांबद्दल त्यांना मनापासून दया वाटू लागली. ओळखीचा कोणी भेटला की म्हणत, "तू व्याज भरस? अरेरे."

पुढची खोली म्हणजे घरातली एकच चांगली खोली. तिला रस्त्याकडे दार, कोनाडे, वर पक्की कौले. दुकान तिथेच मांडायचे असे आप्पांच्या मनात होते. आता तिथे छतापर्यंत मिरचीची पोती लागली. आप्पांचे मशीन मागच्या अंगणात, बदामाच्या झाडाखाली गेले. मागे भिंत, तिच्यापलीकडे शेजाऱ्याचा गोठा. म्हणजे घरात येणाऱ्याला आणि घरातून जाणाऱ्याला मिरचीच्या खोलीतूनच जावे लागे.

हंगामात शेठच्या मजूर बाया तिथे बसून देठ खुडत. तेव्हा खोलीत जो धुरळा उठे त्याचे वर्णन मी करू शकत नाही, कारण त्या खोलीत मी डोळे उघडे ठेवल्याचे मला आठवत नाही. आम्ही पदराचा, उपरण्याचा, शाळेच्या दप्तराचा बोळा नाकाला लावून पळत जात असू आणि पलीकडे पोचल्यावर शिंकत असू.

गिऱ्हाईक मात्र बेसावध येई. आप्पा त्याला अंगणात उभे करत, छातीभोवती टेप गुंडाळत, आणि नेमक्या त्या क्षणी तो माणूस शिंकेसाठी खोल श्वास घेई. आप्पा तो आकडा वाचत. छत्तीसची छाती अडतीस भरे. आमच्याकडचे सगळे सदरे त्यामुळे दोन बोटे सैल होत. एकदा शहाद्याकडचा एक पाटील तक्रार घेऊन आला. आप्पांनी त्याला पुन्हा मापले. तो पुन्हा शिंकणार होताच. अडतीस भरली. "पाटील, टेप खोटं बोलस का? तुम्हीन घर जाईसन बारीक व्हई जातस," आप्पा म्हणाले. पाटील विचारात पडून परत गेला आणि पुढच्या वेळी जवळच्या दुसऱ्या शिंप्याकडे गेला. असे बरेच जण गेले.

दुसरी अडचण शकुनाची. आमच्याकडे बाहेर निघताना कोणी शिंकले की निघणारा थांबतो, खाली बसतो, घोटभर पाणी पितो आणि मग पुन्हा निघतो. आमच्या घरातून शिंकेशिवाय कोणी निघूच शकत नव्हते. आप्पा निघत, शिंक होई, बसत, पाणी पीत, निघत, शिंक होई. सकाळी बाजाराला निघालेला माणूस चार तांबे पाणी पिऊन उंबऱ्याच्या आतच असे. शेवटी मायने, म्हणजे आईने, नियम केला की मिरचीची शिंक धरायची नाही, फक्त खरी शिंक धरायची. त्याने घोटाळा वाढला.

मॅट्रिकच्या परीक्षेला निघालो तेव्हा मी खोलीच्या मध्यावर शिंकलो. माय मागून ओरडली, "थांब! ती मिरचीनी व्हती का खरी?"

"मिरचीनी, माय!"

"माले खरी वाटनी. आवाज नाकमाईन नही, पोटमाईन उना."

आप्पा म्हणाले, "मिरचीनीच शे. खरी शिंक एक येस. हाई तिसरी शे." मग खरी शिंक एकटी येते की जोडीने, यावर दोघांचे भांडण लागले आणि मी पळालो. गाडी मिळाली. परीक्षेतही पास झालो. माय शेवटपर्यंत म्हणत राहिली की ती शिंक धरली असती तर पहिला वर्ग आला असता.

पुढे मी सुरतेला कॉलेजात गेलो. आमच्या शाळेतल्या गणिताच्या गुरुजींनी माझी पहिल्या वर्षाची फी स्वतःच्या खिशातून भरली. त्यांचे उपकार मी कधी विसरणार नाही. त्यांनी निघताना सांगितले होते, "शिकशील ते घरी उपयोगी पडेल असे शीक." मी ते फार मनावर घेतले. बी.ए. झालो, गावातल्या शाळेत पस्तीस रुपयांवर लागलो आणि घरी उपयोगी पडायला काय आहे ते शोधू लागलो. त्या वेळी आखाजीला दोन महिने उरले होते, आणि ही दहावी आखाजी होती.

मी कपाटातून कागद काढून वाचला. खालची बारीक ओळ वाचली आणि तसाच अंगणात गेलो. "आप्पा, पाचशे रुपये कुठे आहेत?"

"कसाना पाचशे?"

"शेठचे."

"शेठ मांगी नही ऱ्हायना. त्याले खोली जोयजे. तो आखो दहा वरिस वाढाई देस म्हने. बिनव्याजी!"

शेठ खरोखरच नवा कागद करायला तयार होता. त्याच अटी, तेच पाचशे, पुढची खोली आणखी दहा वर्षे. फक्त या वेळी मुलगा सज्ञान आहे, तर त्याचीही सही असावी, एवढीच त्याची इच्छा होती.

मी गल्लीत चौकशी केली. तशी खोली महिना सात रुपयांखाली मिळत नव्हती. रविवारी मी पाटी घेऊन आप्पांसमोर बसलो. कॉलेजात शिकलेले सगळे एका पाटीवर मांडायचे म्हणून मी आदल्या दिवशी सराव केला होता.

"सात रुपये महिना. वर्षाचे चौऱ्याऐंशी. दहा वर्षांचे आठशे चाळीस. इतके आपण शेठला दिले."

"मी? मी त्याले फुटका पैसा दिधा नही."

"खोली दिली ना. तिचे भाडे झाले ते."

"खोली कोठे दिधी? खोली आठेच शे. तू आते तिन्हामाईनच शिंकत उना."

"आप्पा, आठशे चाळीस देऊन पाचशे जसेच्या तसे आहेत. अजून दहा वर्षे केली तर सोळाशे ऐंशी होतील, आणि पाचशे तेव्हाही तसेच राहतील. तेच पतपेढीतून नऊ टक्क्यांनी काढले, तर महिना साडेदहा रुपये भरून पाच वर्षांत मुद्दल आणि व्याज दोन्ही फिटतील. सगळे मिळून सहाशे तीस."

आप्पांनी 'व्याज' हा शब्द ऐकताच सुई खाली ठेवली. "म्हंजे एकशेतीस रुपया व्याज! मी दहा वरिस एक पैसा व्याज दिधं नही, आन तू बी.ए. व्हईसन माले एकशेतीसमा घालस?"

"तुन्ही पाटी पुसी टाक," माय आतून म्हणाली. "बाप रडाले लागी."

मायचा माझ्या बेरजेवर दुसराच आक्षेप होता. मी फक्त गेलेले धरले, आलेले धरले नाही, असे तिचे म्हणणे होते. "दहा वरिसमा आपला घर कोना पाव्हना दुसरा दिन टिकना? तुन्ही आत्या महिनाना बेतथीन येल व्हती, सांजले गई. तिन्ही दाय-भाकर वाची ते कोठे मांडं तू?" मी ते प्रामाणिकपणे पाटीवर मांडून पाहिले. आत्या मोठ्या खाणाऱ्या होत्या. तरीही आकडा सहाशे तीसच्या खाली काही आला नाही.

मी आप्पांना सांगितले की मी नव्या कागदावर सही करणार नाही. तेव्हापासून ते माझ्याशी बोलेनात. मला काही सांगायचे असले की ते मशीनला सांगत. "आज दिवाबत्तीले तेल नही," ते मशीनकडे बघून म्हणत, आणि मी तेल आणत असे.

मी मात्र पतपेढीच्या चिटणिसांना भेटून आलो. त्यांनी माझ्या पगारावर आणि घराच्या कागदावर पाचशे द्यायचे कबूल केले, वर चहा पाजला. पदवीमुळे कोणी खुर्ची दिली आणि चहा पाजला, असे माझ्या आयुष्यात पहिल्यांदाच घडत होते. पण घर आप्पांच्या नावावर. त्यांची सही नसेल तर चहावरच समाधान मानायचे होते.

आखाजीला सहा दिवस असताना शेठ स्टँपचा कागद घेऊन आला. सवयीने त्याने नाकाला अत्तराचा रुमाल लावला होता. स्वतःच्या मिरच्यांतून येताना तो नेहमी तसाच येई. तो आप्पांच्या पाटावर बसला.

"करा सही, आप्पा."

"पोऱ्या सही करत नही म्हनस," आप्पा मशीनला म्हणाले.

शेठ माझ्याकडे वळला. "का रे भाऊ? मी व्याज मांगी ऱ्हायनू का?"

मी नम्रपणे सांगितले, "नाही शेठ. तुमचे उपकार आहेत. पण पाचशे रुपये पतपेढीतून मिळताहेत. आखाजीला तुमचे परत करतो, तुम्ही खोली रिकामी करून द्या."

शेठचा रुमाल खाली आला. "रिकामी? आते? ऐन हंगाममा? आन मन्हा माल मी डोकावर ठेवू का? बाजारमा वखारना आठ रुपया मांगतस महिनाना! आठ! तीबी गळकी! दहा वरिसना हिसाब करी देख, बी.ए. व्हयेल शे ना तू?"

आप्पांचे पाय मशीनवर थांबले होते.

"आठ?" ते म्हणाले.

"आठ, आप्पा. लोकेस्ले लाज नही."

"आन ती गळकी."

"पानी भराई जास."

"मन्ही गळत नही."

"तुमनी? थेंब नही! तुमनी खोली म्हंजे पेटी शे पेटी!" शेठ कौतुकाने म्हणाला, आणि मग त्याचे तोंड तसेच उघडे राहिले.

आप्पांनी गळ्यातला टेप काढला. तो साठ इंचांचा असतो. एका इंचाला एक महिना धरून ते नखाने खुणा करत पुढे सरकू लागले. बारा इंचांवर थांबत, वर बघत, ओठ हलवत, पुन्हा सरकत. टेप संपला. पाच वर्षे झाली. त्यांनी तो उलटा धरला आणि पुन्हा पहिल्या इंचापासून सुरुवात केली. शेठ दोनदा मध्ये बोलायला गेला, तर आप्पांनी हात वर केला. माप घेताना त्यांना कोणी बोललेले खपत नसे. दुसरा टेप संपला तेव्हा ते म्हणाले,

"नऊशे साठ."

"कसाना?" शेठने विचारले.

"तुमन्या मिरच्यास्नी माले नऊशे साठना सदरा शिवा, शेठ. आन पाचशेनं कापड आखो मन्हाकडेच मांगी ऱ्हायनात." मग ते दहा दिवसांत पहिल्यांदा मशीनऐवजी माझ्याकडे बघून म्हणाले, "पतपेढीना कागद कोठे शे? आन."

मला हे आकडे महिनाभर पाटीवर पटवता आले नव्हते. मी धावत जाऊन कागद आणला. आप्पांनी मोडीत सही केली. शेवटचा फराटा त्यांनी जरा जास्तच लांब ओढला.

शेठ मात्र उठेना. तो खरोखर अडचणीत होता. "आप्पा, पाचशे लेस मी. पन माल कोठे नेऊ?"

मी म्हणणार होतो, "तो तुमचा प्रश्न आहे." मला खोली रिकामी हवी होती. तिथे आप्पांचे दुकान मी मनात मांडूनही टाकले होते. तेवढ्यात माय स्वयंपाकघरातून बोलली. शेठसमोर ती कधी बोलत नसे.

"माल ऱ्हाऊ द्या. नऊ रुपया महिना."

"नऊ? वहिनी, लोके आठ मांगतस!"

"आठ खोलीना. एक शिंकास्ना."

शेठने आप्पांकडे पाहिले. आप्पांनी वर झाडाकडे पाहिले. शेठने कबूल केले.

इतकी वर्षे शिकून, सराव करून, पाटीभर आकडे मांडून मला भाडे मागायचे सुचले नव्हते. ते मी आज कबूल करतो. मिरच्या जाव्यात म्हणून मी सगळी खटपट केली आणि मिरच्या पाच वर्षे तिथेच राहिल्या. महिन्याच्या एक तारखेला शेठ रुमाल नाकाला लावून येई आणि नऊ रुपये मशीनच्या फळीवर ठेवी. आप्पा ते दोनदा मोजत, मग माझ्यापुढे हात पसरून म्हणत, "साडेदहामा दीड कमी पडस. तुन्हा काढ." मी माझा दीड रुपया काढून देई. आप्पा धुतलेला सदरा घालून स्वतः पतपेढीत जाऊन हप्ता भरत, आणि वाटेत जो भेटेल त्याला थांबवून सांगत,

"मी व्याज भरस. शेठना पैसावर."