बिजली पाण्यात उतरली तो रविवार

नंदकिशोरभाऊंनी दाखला टाइप करूनच आणला होता. ‘सदर हत्तीण सवारीसाठी योग्य आहे’, एवढंच वाक्य. खाली फक्त माझी सही आणि शिक्का हवा होता. मी कागद हातात धरून समोर बघत होते, आणि समोर सदर हत्तीण तीन पायांवर उभी होती. चौथा, म्हणजे पुढचा डावा पाय, तिने जमिनीला नुसता टेकवला होता. बैल लंगडला की चालताना त्याची मान हलते, लांबूनही कळतं. हत्तीण तसं काही दाखवत नव्हती. तिने त्या पायावरचा भार काढून घेतला होता आणि गप्प उभी होती.

मी तेव्हा वर्धा जिल्ह्यातल्या एका सरकारी पशुवैद्यकीय दवाखान्यात डॉक्टर होते. बोरगाव मेघेच्या घरून रोज स्कूटरवर ये-जा करायचे. गाई, म्हशी, बैल, शेळ्या, क्वचित कोणाचा कुत्रा. हत्ती कॉलेजच्या पुस्तकात एका प्रकरणापुरता भेटला होता, आणि परीक्षेला तो येत नाही म्हणून मी ते प्रकरण सोडलं होतं.

ही हत्तीण, बिजली, एका सर्कशीतली. नाचणगावच्या बाजूला मुक्काम असताना ती सर्कस बंद पडली. तंबू गेला, माणसं गेली. बिजली आणि तिचे माहूत सुलेमानचाचा मागे राहिले. दूरच्या एका जंगल कॅम्पने तिला घ्यायची तयारी दाखवली होती, पण कागद व्हायला महिने लागणार होते. तोवर तिला ठेवायचं कुठे? वर्ध्याचे नंदकिशोरभाऊ पुढे आले. त्यांचं कापडाचं दुकान, जोडीला एक ट्रॅव्हल्स, आणि बोर धरणाच्या रस्त्यावर तलावाला लागून शेत. शेतात आंब्याची दाट सावली, विहिरीला पाणी. माणूस मनाने मोठा. त्यांनी ऊस टाकला, कडबा टाकला, चाचांना खोली दिली. आणि मग व्यापारी माणूस असल्याने त्यांच्या डोक्यात एक सहल आली. सकाळी पवनार, मग शेतावर हत्तीची सवारी, जेवण, दुपारी बोर धरण आणि जंगल, संध्याकाळी घरी. दहा दिवसांनंतरच्या रविवारची बस भरलीसुद्धा. पोलिसांनी डॉक्टरचा दाखला मागितला, म्हणून मी तिथे.

मी चाचांना पाय उचलायला लावायला सांगितलं. त्यांनी हळू आवाजात एक शब्द उच्चारला आणि बिजलीने तो पाय मागे दुमडून वर धरला. हत्तीचा तळवा गादीसारखा असतो. तिच्या त्या गादीला वर्षानुवर्षांच्या सिमेंटवर उभं राहून भेगा पडल्या होत्या. मधल्या नखाच्या वर सूज होती. मी अंगठ्याने दाबलं. तेवढ्यात तिची सोंड आली आणि माझ्या मनगटावर टेकली. ढकललं नाही, झटकलं नाही. नुसती टेकली. त्या सोंडेत झाड उपटायची ताकद असते हे मला माहीत होतं. गरम ओला श्वास माझ्या बाहीत शिरत होता. मी अंगठा काढला. तिने सोंड काढली.

“दुखता है, तो बता देती है,” चाचा म्हणाले. “मारती नहीं.”

आत पू होता. याला आम्ही अ‍ॅब्सेस म्हणतो, पिकलेली गाठ. ती फोडून साफ केली नाही तर पू आत हाडापर्यंत जातो, आणि ज्या प्राण्याला बसून दिवस काढता येत नाहीत त्याचा पाय गेला की सगळंच गेलं. मग मी पाठ बघितली. शिडी मागवून वर चढले. मणक्याच्या दोन्ही बाजूंना हौद्याच्या पट्ट्यांचे जुने वण होते, काही ठिकाणी कातडी चामड्याच्या चपलेसारखी कडक झालेली. हत्तीची पाठ आपल्याला ओट्यासारखी रुंद वाटते. पण तिथे मणक्याची टोकं वर निघालेली असतात आणि हौदा त्यांच्यावरच घासतो.

मी नंदकिशोरभाऊंना सांगितलं की सही होणार नाही.

त्यांनी दहा दिवसांत पाय बरा होईल का, असं विचारलं. मी म्हटलं, पाय कदाचित चालण्याइतका होईल, पाठ कधीच होणार नाही. ते म्हणाले की सर्कशीत ती फुटबॉल खेळत होती. मी म्हटलं, म्हणूनच.

“मॅडम, बेचाळीस लोकायचं बुकिंग करून बसलो मी. आता त्यायले काय सांगू?”

 मी गाठ फोडायच्या तयारीला लागले.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात साहेबांचा फोन आला. वरून कोणाचा तरी शब्द गेला होता. साहेब वाईट माणूस नव्हते, पण फोन आला की त्यांना तो लवकर संपवायचा असायचा. म्हणाले, ‘मर्यादित सवारी’ असं लिहा, पाच-पाच मिनिटं, फक्त लहान मुलं. मी विचारलं, “सर, हे मला लेखी द्याल का?”  ते म्हणाले, “जागेवर तुम्ही आहात. तुम्हीच ठरवा.” सरकारी नोकरीत याचा अर्थ असा की झालं तर तुमचं, नाही झालं तरी तुमचंच.

एका प्राणिसंग्रहालयात काम करणाऱ्या माझ्या सीनियरला एसटीडी बूथवरून फोन करून मी हत्तीचं प्रकरण शेवटी शिकले. ताप कसा बघायचा? ताजं शेण पडलं की त्याच्या गोळ्यात थर्मामीटर खुपसायचा. नाडी कानामागे लागते. अर्ध्या कापलेल्या ड्रममध्ये कोमट पाणी आणि लाल औषध घालून रोज दोनदा पाय बुडवायचा. याला फूटबाथ म्हणतात. पहिल्या दिवशी ड्रम बघून बिजली मागे सरकली. तिसऱ्या दिवशी मी गेटमधून आत येताना दिसले तेव्हा ड्रमाशेजारी पाय उचलून उभी होती.

त्या दिवसांत चाचा माझ्याशी बोलायला लागले. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं होतं: ही वीस-बावीस वर्षं माझ्याजवळ आहे. ट्रक, तंबू, साखळी. अंघोळ पाइपने. अंग बुडेल एवढ्या पाण्यात ती कधी उतरलेली मी बघितली नाही. इथे संध्याकाळी वारा तलावाकडून येतो तेव्हा ती खाणं सोडून तिकडे तोंड करून उभी राहते.

मी तलाव बघून आले. वाट मऊ मातीची, काठ उतरता, तळाला दगड नाही. पाण्यात शरीराचं वजन पायावरून उतरतं, म्हणजे पायालाही बरंच. आठव्या दिवशी जखम कोरडी पडली आणि भरायला लागली, तेव्हा मी नंदकिशोरभाऊंना गाठलं. म्हटलं, सहल रद्द करू नका. सवारी रद्द करा. लोकांना तलावाच्या पाळीवर, बांधावर, बसवा. बिजली पलीकडच्या काठाने उतरेल, उतरली तर. कोणी जवळ जायचं नाही, हाताने खायला घालायचं नाही, ओरडायचं नाही. आणि हे सगळं बस सुटण्याआधी लोकांना सांगायचं.

“उतरली तर?” त्यांनी विचारलं. “आणि नाई उतरली तं?”

“तर लोक एक हत्तीण उभी असलेली बघतील.”

 शेवटी ते कबूल झाले, पण एक अट घातली. लोकांना मीच सांगायचं.

म्हणून रविवारी सकाळी मी ट्रॅव्हल्सच्या बसमध्ये माइक धरून उभी होते. आयुष्यात इतकं अवघडल्यासारखं मला कधी वाटलं नव्हतं. मी पायाचं सांगितलं, पाठीचं सांगितलं, ज्यांना उतरायचं त्यांनी खुशाल उतरा म्हटलं. एक चौघांचं कुटुंब उतरलं. पुढच्या सीटवर देवळीकडचे एक रिटायर्ड हेडमास्तर होते, पांढरी टोपी, हातात छत्री. ते उतरले नाहीत, पण पवनार येईपर्यंत सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात बोलत राहिले. हत्ती बसायसाठीच असते, राजे-महाराजे काय मूर्ख होते का, वगैरे. मागून एक बाई म्हणाल्या, “मंग पाहाचं काय तिथं?” मी माइक जागेवर ठेवला.

पवनारला धाम नदीच्या खडकांवर लोक हिंडले, फोटो काढले. साडेदहाला आम्ही पाळीवर होतो. थंडीचे दिवस, ऊन कोवळं. अडतीस माणसं ओळीत बसली. समोर तलाव, त्यापलीकडे हरभरा.

चाचा बिजलीला घेऊन आले. तिच्यावर बसून नव्हे, तिच्या बाजूने चालत. अंकुश त्यांनी खोलीतच ठेवला होता. साखळीही नव्हती, आणि तशी परवानगी मीच दिली होती. ती काठाशी येऊन थांबली. सोंडेचं टोक पाण्याला लावलं, काढलं. पुन्हा लावलं. मग नुसती उभी राहिली. पाच मिनिटं गेली, दहा गेली. लोक चुळबुळायला लागले. हेडमास्तरांनी घड्याळ बघितलं.  चाचा तिच्यापासून दूर जाऊन जमिनीवर बसले.

मग तिने पाऊल टाकलं. आधी उजवा पाय, मग तो डावा. गुडघे बुडाले, पोट बुडालं. आणि एकाएकी ती आत गेली. एवढं मोठं शरीर, आणि पाण्यावर काही उरलं नाही. फक्त सोंडेचं टोक, दोन भोकं, श्वास घेताना फुर्रर्र होणारी. तेही हळूहळू सरकत मध्यभागी गेलं. मग ती कुशीवर वळली, पाणी फुगलं, चकचकीत काळी पाठ वर आली आणि पुन्हा गेली. पाठीवरचे ते सगळे वण पाण्याखाली. पायावर वजन नाही. मी तिच्या शरीराबद्दल दहा दिवस जे काही लिहून ठेवलं होतं, त्यात ही हत्तीण कुठेच नव्हती.

मग तिचा एक आवाज आला. तो कानाने ऐकला असं म्हणता येणार नाही. छातीत घुमला, बसलेल्या मातीतून वर आला. मला वाटलं, मलाच भास झाला. पण शेजारच्या बाईंनी हात छातीवर ठेवला होता.  पलीकडच्या काठावर चाचा गमछा तोंडाला लावून बसले होते.

तास झाला. चाचांनी हाक मारली. ती आली नाही. दुसऱ्यांदा मारली. नंदकिशोरभाऊ माझ्याजवळ येऊन कुजबुजले की धरणावर उशीर होईल. आणि तेवढ्यात बिजली बाहेर निघाली. चाचांच्या काठाला नव्हे. आमच्या.

वीस पावलांवर ती पाळीखालून वर चढली. मी उठले आणि शक्य तितक्या साध्या आवाजात म्हणाले, “कोणी उठू नका. पळू नका. जसे आहात तसे बसा.”  कोणी पळालं असतं तर काय झालं असतं, हे मला आजही सांगता येत नाही.

कोणी उठलं नाही. ती चढून आमच्या ओळीजवळ आली आणि उभी राहिली. अंगावरून पाणी ओघळत होतं, मातीचा वास सुटला होता. तिच्यासमोर सगळं लहान दिसत होतं, बस, झाडं, आम्ही. तिने सोंड उंच करून आमच्या ओळीवरून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सावकाश फिरवली. वास घेत होती. हेडमास्तरांजवळ सोंड सर्वांत पुढे आली, हातभर अंतरावर थांबली. त्यांनी दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले होते. त्यांच्या टोपीचं कापड तिच्या श्वासाने हललं. मग तिने सोंड खाली घेतली, मातीची मूठ उचलली, स्वतःच्या पाठीवर टाकली.

चाचा पाळीवरून चालत आले. घाई नाही. तिच्या कानाजवळ काहीतरी बोलले. ती वळली आणि त्यांच्यामागे निघाली. डावा पाय जपून टाकत होती, पण टाकत होती.

 मग हेडमास्तर छत्री टेकत उठले आणि माझ्याजवळ आले. त्यांचा आवाज एकदम लहान झाला होता.

“मी इच्यावर बसाले आलतो, मॅडम,” ते म्हणाले.

दुपारी आम्ही बोर धरणावर गेलो. भिंतीवरून ते निळं पाणी आणि पलीकडच्या सागाच्या टेकड्या दिसतात. पाण्यावर लांबून आलेली बदकं उतरली होती. झाडीत नीलगायींचा एक कळप थबकला आणि गेला. एरवी अशा सहलीत लोक अंताक्षरी खेळतात. त्या दिवशी लोक बघत होते. एका मुलीने बदकं मोजायला घेतली आणि आणखी चार जण तिच्या मदतीला बसले.

सवारी नसलेली ती सहल नंदकिशोरभाऊंनी पुढे उन्हाळा लागेपर्यंत चालवली. लोकांना पाळीवर बसवायचं, आणि बिजलीला वाटलं तर ती पाण्यात उतरेल. काही रविवारी तिला वाटलं नाही. त्याबद्दल तक्रार आली नाही. दीड-दोन महिन्यांत पाय भरून आला, पुढे कागदही आले. मी प्रवासाच्या दाखल्यावर सही केली आणि ती चाचांसोबत ट्रकने कॅम्पला गेली. साहेबांनी पुढच्या मीटिंगमध्ये विचारलं, ते हत्तीचं काय झालं हो? मी म्हटलं, पाण्यात उतरली. त्यांनी मान हलवली आणि लसीकरणाचा विषय घेतला.

त्यानंतर मी बरीच वर्षं नोकरी केली, बऱ्याच दाखल्यांना नकार दिला. एवढं शिकले की नुसतं नाही म्हटलं तर मालक तालुका बदलतो आणि सही करणारा डॉक्टर शोधतो. नाही म्हटल्यावर अर्धा तास आणखी बसावं लागतं, मग काय करता येईल ते त्याच्याबरोबर शोधायला. त्या अर्ध्या तासाचा टीए-डीए मिळत नाही.