शुक्र आड गेल्यावर

अंथरुणाला पाठ टेकून बराच वेळ झाला, पण शैलजाबाईंची झोप उंबऱ्यावरच घुटमळते आहे. आत यावं की बाहेरच्या बाहेर निघून जावं, असं तिचं चाललंय. पोटात अन्नाचा कण नाही. ओठांवर जप आहे, पण बोटांतला मणी काही केल्या पुढे सरत नाही.

गोष्ट संध्याकाळचीच. केतकीला, त्यांच्या लेकीला, दिवस गेल्याचं कळलं तेव्हापासून शैलजाबाईंनी एक नेम धरला होता. देवापाशी दिवा लावायचा, गच्चीवर जाऊन शुक्राच्या चांदणीला हळदकुंकू दाखवायचं, लेकीला सुखरूप सोडव म्हणून पदर पसरायचा आणि मगच जेवायचं. पहिल्या खेपेला पाचव्या महिन्यातच सगळं आटोपलं होतं पोरीचं. या वेळी आईला सुचलं ते एवढंच.

मावळतीचा शुक्र दिवसेंदिवस खाली उतरत गेला आणि एका संध्याकाळी समोरच्या पाण्याच्या टाकीआड दिसेनासा झाला. शैलजाबाई कासावीस होऊन गर्रकन वळल्या, तर पूर्वेला चांदणी हजर! तशीच टपोरी, तशीच न लुकलुकणारी. 'जागा बदलली वाटतं,' असं म्हणून त्यांनी तिकडं हात जोडले. तेव्हापासून रोज तिकडंच.

आणि आज विनायकराव पंचांग चाळता चाळता म्हणाले, "अगं, शुक्राचा तर अस्त झालाय. आता आठ-दहा दिवसांनी पहाटे उगवेल. मग तू रोज वर जाऊन हळदकुंकू दाखवतेस कुणाला?"

"शुक्राला. तो काय, पूर्वेला असतो तो."

"संध्याकाळी पूर्वेला शुक्र? तो गुरू आहे, गुरू!" असं म्हणून वर हसलेही.

शैलजाबाई हसल्या नाहीत. त्यांनी आपलं वाढलेलं ताट झाकलं. शुक्र पुन्हा दिसेपर्यंत अन्नाला शिवायचं नाही, असं त्या हळूच पण ठाम बोलल्या. आणि सकाळच्या गाडीनं नाशिकला जायचं ठरलं होतं, तेही रहित. मोडलेल्या व्रताचा दोष घेऊन लेकीच्या दारात पाऊल कसं टाकायचं?

"डॉक्टरांनी हाच आठवडा सांगितलाय तिला," विनायकराव म्हणाले. "तू इथं चक्कर येऊन पडलीस, तर लेकीचं बाळंतपण मी करू?"

त्या जपमाळ घेऊन अंथरुणावर पडल्या. आता कूस बदलतात, पुन्हा बदलतात. पंख्याचा आवाज लांब जातो, जवळ येतो, पुन्हा लांब जातो.

"सरक की जरा भिंतीकडं. सगळा पलंग अडवून ठेवलाय."

पलंगाच्या कडेला प्रमिलावन्सं बसलेल्या असतात. विनायकरावांची थोरली बहीण. सरकारी दवाखान्यात बाळंतिणींच्या वॉर्डात नर्स म्हणून त्यांचा जन्म गेला. जाऊन तीन वर्षं झाली त्यांना. पांढरी साडी, पायात रबरी चपला, रात्रपाळीहून आत्ता आल्यासारख्या दिसतात.

"वन्सं, तुम्ही?"

"मग काय यम यायला हवा होता? ऊठ. पाठबिठ दुखतेय का तुझी?"

"पाठ नाही दुखत."

"मग जीव दुखत असेल. चल."

शैलजाबाई पाय खाली टाकतात, तो फरशी उन्हानं तापलेली लागते. गच्चीच आहे ही. दोरीवर कपडे वाळत घातलेत, सगळी झबली आणि टोपडी, आणि त्यांच्यामधून पूर्वेकडचा तो टपोरा तारा दिसतो. शैलजाबाई चटकन मान खाली घालतात.

"लाजतेस काय? तोही लाजतोय. एवढ्या वर्षांत कुणी बाईमाणूस त्याच्याकडं रोज हळदकुंकू घेऊन आलं नव्हतं."

"थट्टा करू नका हो. माझं व्रत मोडलं."

"कुणी मोडलं?"

"मीच. शुक्राचं मागणं गुरूकडं केलं. आता केतकीचं काही झालं तर..."

वन्सं दोरीवरची झबली काढून खांद्यावर टाकत पुढे चालू लागतात. त्यांच्या मागून जाताना गच्चीचा कठडा भिंत होतो, भिंतीला अर्ध्यापर्यंत हिरवा रंग येतो, फिनेलचा वास येतो. दोन्ही बाजूंना लोखंडी खाटा आहेत. प्रत्येक खाटेशेजारी पाळणा आहे आणि पाळण्यात मंद उजेड. एकात तांबूस, एकात पिवळट. एका पाळण्यातल्या उजेडाभोवती कडं आहे, वाळ्यासारखं.

"हा शनी का हो?" शैलजाबाई कुजबुजतात. जन्मभर शनिवार केले, पण इतक्या जवळून कधी पाहिला नव्हता.

"हळू. आत्ताच निजलाय. त्याला भ्यायचं काही नाही, चालायला तेवढा उशीर लागतो."

मधल्या खाटेशी एक डबा ठेवलेला असतो. वन्सं तो उचलतात आणि निघतात.

"माझ्या वॉर्डात हे रोजचंच," त्या म्हणतात. "खेड्यातनं आलेली माणसं. कुणाची सासू, कुणाचा भाऊ. डबा घेऊन यायची आणि बाळंतिणींचा वॉर्ड समजून हाडांच्या वॉर्डात ठेवून जायची. आम्ही काय करायचो सांग. फेकून द्यायचो?"

"छे! अन्न कसं फेकाल?"

"परत पाठवायचो?"

"बिचारी एवढ्या लांबून आलेली असणार."

"मग? झाकणावर नाव असायचं पेशंटचं. हाडांच्या वॉर्डातली नर्स नाव वाचायची आणि डबा आमच्याकडं पाठवून द्यायची. गरम असायचा तोवर. इतकी वर्षं नोकरी केली, शैला, वॉर्ड चुकला म्हणून बाळंतीण उपाशी राहिलीय, असं एकदाही झालं नाही. आणि तू म्हणतेस, वरती त्यांना एवढंही जमत नाही?"

शैलजाबाई त्या डब्याकडं बघतात. हळूच विचारतात, "मग गुरूनं... पुढे दिलं असेल?"

"नाव कुणाचं घेत होतीस रोज?"

"केतकीचं."

"मग झालं."

खोलीच्या टोकाला जाड हिरवा पडदा असतो. त्याच्या कडांमधून लख्ख ऊन आत शिरतं, जणू पलीकडे भर दुपार आहे. शैलजाबाई पुढे होतात, तशा वन्सं हात आडवा धरतात.

"बाळंतिणीच्या खोलीत कुणी असं घुसतं का? आड गेलाय तो थोडे दिवस. बघ, पण इथूनच."

त्या पडदा बोटभर बाजूला करतात. उजेडानं डोळे दिपतात. पाणी येतं. मग त्या उजेडातच एक कोर दिसू लागते, नखाएवढी, दुजेच्या चंद्रासारखी. ती कुठं गेलेलीच नसते. सूर्याला अगदी लागून उभी असते, म्हणून इथून दिसत नाही एवढंच.

"हाच का तो?" शैलजाबाईंना हुंदका येतो आणि तो मध्येच हसण्यात मोडतो. "आणि मी सगळं आभाळ शोधत बसले."

"तुझं नेहमीचंच. चष्मा कपाळावर आणि हुडकायचा घरभर." वन्सं पडदा सोडतात. चपलांचा चट चट आवाज होतो आणि दोघी एसटी स्टँडवरच्या बाकावर बसलेल्या असतात. समोर गाडी उभी आहे, पाटीवर नाशिक लिहिलंय, इंजिन घरघरतंय. वन्सं पर्समधून एक पेरू काढतात, हातानंच त्याचे दोन तुकडे करतात.

"खा."

"वन्सं, माझा उपास आहे."

"शुक्र बघून जेवायचं, हाच नेम ना? मग आत्ता काय बघितलंस? वांगं?"

"पण ते..."

"थोरल्या नणंदेनं हातानं दिलेल्याला नाही म्हणतेस? जिवंत होते तेव्हा बरी ऐकत होतीस." त्या तुकडा शैलजाबाईंच्या तोंडापाशी नेतात. "खा, पोरी. लेक कळा देत असताना आईच्या अंगात उभं राहायचं तरी बळ नको?"

शैलजाबाई तोंड उघडतात. पेरू गोड आहे, किंचित कच्चा, आतून गुलाबी. गळ्याखाली उतरताना छातीवरचं काहीतरी सोबत घेऊन उतरतो. कंडक्टर घंटी मारतो.

"वन्सं, तुम्ही येता ना?"

"मला वॉर्डात ड्यूटी आहे," असं म्हणून वन्सं झबली सारखी करत उठतात. घंटी पुन्हा वाजते. पुन्हा.

ती घंटी दूधवाल्याची असते. खिडकीत उजाडलंय. शैलजाबाई उठून बसतात. अंग हलकं लागतं, रात्रभर गाढ झोपल्यासारखं. त्या पदर सावरतात, तळहात डोळ्यांना लावतात, आणि देवाचं नाव घ्यायला जातात, तो जिभेला दाढेशी काहीतरी टोचतं.

नखानं त्या ते काढतात. एक बी. बारीक, पिवळसर, टणक.

विनायकराव दुधाचं पातेलं घेऊन दारात उभे असतात. "काय गं? दात दुखतोय?"

"नाही. पेरूची बी अडकली होती."

"भर वैशाखात पेरू? आणि तू तर काल रात्री काही खाल्लंच नाहीस."

"वन्संनी दिला," शैलजाबाई म्हणतात. बी बोटावर तशीच सांभाळत त्या उठतात. "अहो, चहात माझंही दूध घाला. आणि दोन पोळ्या लाटून घेते, गाडीत खायला होतील."