साकवावरचं खेचर

आमची आंब्याची कलमं डोंगरावर आणि डांबरी रस्ता खाली. मध्ये पाऊलवाट, आणि व्हाळावर, म्हणजे ओढ्यावर, दोन माडांच्या खोडांचा साकव. त्या वर्षी आंब्याच्या पेट्या उतरवणारे गडी तोंडवलीला पर्यटकांच्या होड्यांवर कामाला गेले. आंबे आठ-दहा दिवसांत काढायला येणार होते. म्हणून आंबोलीकडच्या ओळखीतून मी एक खेचर आणलं.

पहिल्याच दिवशी पाठांची यादी करून गोठ्याच्या दारावर चिकटवली: दोरीसोबत चालणे, थांबणे, मागे सरणे, साकव ओलांडणे. सासऱ्यांनी चष्मा लावून ती वाचली.

"गो, ह्या कोणासाठी? तेका वाचूक येता?"

मागे सरणे त्याला उपजतच येत होतं. चालणे आणि थांबणे चार दिवसांत जमलं. साकवाजवळ मात्र ते चारही पाय रोवून उभं राहायचं. मी ओढलं की तेही ओढायचं, आणि वजन त्याचं जास्त.

सहाव्या दिवशी सासरे नारळ घेऊनच आले. "गाऱ्हाणा घालूक नको? असाच काम सुरू केलंस?"

साकवासमोर नारळ ठेवून त्यांनी हात जोडले. "बा देवा म्हाराजा, ह्या मुक्या जनावराक पलीकडे जावची बुद्धी दी रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" मी म्हटलं.

"सुनेकय थोडी दी रे म्हाराजा!"

ह्यालाही 'व्हय' म्हणावं लागलं. नारळ फोडून त्यांनी गूळखोबऱ्याचा पहिला घास खेचराला दिला आणि दुसरा हातात धरून ते साकवावर चढले. खेचर एक पाऊल पुढे आलं. लगेच सासऱ्यांचं "व्हय म्हाराजा" आणि लगेच घास. असं करत दोघं पलीकडे पोचली.

तेव्हा माझी चूक कळली. मी खाऊ द्यायचे, पण आधी पाठांच्या वहीत खूण करून, दोरी गुंडाळून, मग. तोवर खेचर बिचारं विसरलेलं असायचं, की हे नक्की कशाबद्दल. पुढचे दोन दिवस मी वही घरी ठेवली आणि सासऱ्यांसारखंच "व्हय म्हाराजा" म्हणून लगेच घास दिला.

तोडणीच्या दिवशी पहिल्या चार पेट्या लादल्या. खाली टेम्पो उभा होता. साकवाशी खेचर थांबलं. शेजारच्या बागेत बायका काजू गोळा करत होत्या, म्हणून मी लाजत हळूच म्हटलं, "व्हय म्हाराजा." त्याने कानही हलवला नाही. मग मोठ्याने म्हटलं. गाऱ्हाणं कानावर पडलं की आमच्याकडे कोणी गप्प राहत नाही. बागेतून सातआठ गळे एकदम ओरडले, "व्हय म्हाराजा!"

खेचर सुटलं. मी दोरीला लोंबकळत मागे. साकव कधी संपला कळलंच नाही. टेम्पोशी पोचल्यावर पेट्या उघडून पाहिल्या, एकही आंबा दबला नव्हता.

परत वर जाताना काजूवाल्यांतली एक म्हातारी कुंपणाशी उभी होती.

"बाय, आज किती खेपा?"

"आठ, काकी."

"मगे आमकाय गूळखोबरा घेवन ये. आरडून आरडून घसो बसतलो."