लाकडाला इस्त्री करणारी आत्या

माझी आत्या लाकडाला इस्त्री करायची, आणि इस्त्री करताना शिव्या द्यायची. लाकडाला, गेलेल्या विजेला, दारातून डोकावून हसणाऱ्या शेजारणींना. सासर सोडून ती आमच्याकडं भूमला राहायला आली होती. नवऱ्यानं टाकली असं कुणी म्हटलं, की तिथल्या तिथं दुरुस्त करायची, "टाकली न्हाय. मी उठून आले."

हे काम ती मोबाइलवर बघून, चुकत चुकत शिकली. एसटीनं धाराशिवला जाऊन व्हिनियरच्या सुरळ्या आणायची. व्हिनियर म्हणजे खऱ्या सागाचा कागदाएवढा पातळ पापुद्रा. जुन्या टेबलाला पांढरा गोंद लावायचा, पापुद्र्याच्या पाठीलाही लावायचा, दोन्ही वाळू द्यायचं. मग पापुद्रा टेबलावर ठेवून, वर सुती फडकं टाकून गरम इस्त्री दाबत न्यायची. उष्णतेनं गोंद धरतो. काम झालं की बोटाच्या पेरानं इंच न् इंच वाजवायची. कुठं पोकळ वाजलं की डोकं फिरलंच. ब्लेडनं चीर द्यायची, आत गोंद सोडायची, पुन्हा इस्त्री.

शेजारच्या बाई एकदा कौतुकानं म्हणाल्या, "अगदी खऱ्या सागवानासारखं दिसतं हो!"

"खरंच हाय ते," आत्या कडाडली. "पातळ हाय, खोटं न्हाय."

माझं लग्न ठरलं तेव्हा आईचं जुनं कपाट तिनं माझ्यासाठी करायला घेतलं. दीड महिना खपली. दोन दारांवरच्या लाकडाच्या रेषा तिनं अशा जुळवल्या, की बंद केल्यावर एकच फळी वाटावी. माझे होणारे सासरे घरी आले, दारावरून हात फिरवून म्हणाले, "कुणाचं काम?"

"धाराशिवहून कारागीर बोलावला होता," अण्णा म्हणाले. माझे वडील. बहीण सुतारकाम करते हे सांगायची त्यांना लाज वाटली.

आत्या पाण्याचा ट्रे घेऊन तिथंच उभी होती. मीही होते. मी पदर सारखा करत बसले.

तिनं ट्रे खाली ठेवला आणि आतून लाकूड तासायची पटाशी आणली. उजव्या दाराच्या कोपऱ्यात घातली आणि ओढलं. काम तिचंच, सहज निघेना. चिरफाळ्या करत तिनं अर्धं दार सोललं. "बोलव रं तुझा कारागीर," अण्णांना म्हणाली. "चिकटवू दे त्याला."

लग्न मोडलं नाही. आत्या मात्र दुसऱ्या सकाळी इस्त्री पिशवीत घालून भूमजवळच्या वाशी गावाला निघून गेली. तिथं खोली घेतली. लोक मोडकी टेबलं, जुनी दारं आणून देऊ लागले.

वर्षभरानं मी गेले. दारातच तिनं विचारलं, "रडायला आलीस का भांडायला? रडायचं असंल तर स्टँडवर जाऊन रड."

"भांडायला."

"मग ये."

"माझं कपाट का फोडलंस?"

"तुझं व्हतं? मग बोलली का न्हाईस? तोंड शिवलं व्हतं का?"

दुपारभर भांडलो. तिनं चहा टाकला, कप माझ्यापुढं आदळला, आणि मी निघाले तर स्टँडपर्यंत सोबत आली.

यंदाच्या उन्हाळ्यात ती गेली. तेराव्याला पाहुणे जेवत होते आणि अण्णा त्यांना सांगत होते, "अक्काच्या हातात लई कला. पोरीच्या लग्नातलं कपाट तिनंच केलेलं. मी तर सगळ्यांना अभिमानानं सांगायचो."

माझ्या हातात वाढायचं भांडं होतं. ते मी खाली ठेवलं.

"अण्णा, खोटं बोलू नका. तुम्ही कारागीर बोलावला म्हणून सांगितलंत. ती समोर उभी होती. आणि मी गप्प बसले."

पंगत थांबली. अण्णांनी इकडंतिकडं पाहिलं. "अगं, आज तरी हळू बोल," ते पुटपुटले.

मागं बसलेल्यांना नीट ऐकू गेलं नव्हतं. मी पुन्हा पहिल्यापासून, मोठ्यानं सांगितलं.