घरंदाज बायकांची लावणी

खाली बसून मी अध्यक्षीणबाईंच्या पायात चाळ बांधत होते, तेव्हा त्या वरून म्हणाल्या, "तू स्टेजवर नको येऊस गं. लोक गूगल करतात. तू फिल्ममध्ये नाचायचीस, त्या क्लिप्स, त्यात आई तमाशातली... फॅमिली प्रोग्रॅम आहे आपला."

पाय तसाच पुढे. वर म्हणाल्या, "जरा घट्ट बांध."

नेदरलँड्समधल्या फेल्डहोवनच्या आमच्या मराठी मंडळाचा गणपती. उन्हाळाभर ह्या सगळ्या जणींना लावणी मी शिकवली. कंबर कुठं थांबवायची, नजर कधी उचलायची, सगळं. मला ते आईनं शिकवलं. फडात, कनातीमागं, चापट्या मारून. आई नाचली की नाचणारीण. ह्या नाचल्या की कल्चर. नवरा इथं इंजिनिअर. त्याची लग्नातच अट होती, आईचा विषय चारचौघांत काढायचा नाही. मुलीला आजीचं नावही सांगू दिलं नव्हतं.

मग प्रमुख पाहुणी आली. रॉटरडॅमला राहणारी कोरियन नर्तकी, सिनेमांत कामं केलेली. तिला शाल, श्रीफळ, मानाची खुर्ची. ती साधं इंग्रजी बोलली. तिची आजी श्रीमंतांच्या बैठकीत नाचायची. लोक नाच बघायचे, पण तिला पंगतीला बसवायचे नाहीत. "सिनेमात मला नाव बदलायला सांगितलं," ती म्हणाली. "मी आजीचं नाव लावलं."

अख्खा हॉल उभा राहिला. टाळ्या. अध्यक्षीणबाईंनी तर डोळे पुसले.

माझं डोकंच फिरलं. कोरियाची आजी चालते, साताऱ्याकडची आई चालत नाही! परकी नाचणारीण पूज्य, आपली ती विटाळ!

चढले स्टेजवर. माइक घेतला.

"ह्या आता जे नाचणार, ते मी शिकवलंय. मी कोल्हाट्याची. माझी आई फडात नाचायची."

आईचं पूर्ण नाव सांगितलं. मग विंगेत जाऊन अध्यक्षीणबाईंसमोर उभी राहिले. "चाळ सोडा. आईचे आहेत."

"अगं, आत्ता? आमची एन्ट्री आहे!"

"सोडा."

त्या वाकल्या. नऊवारीत नीट वाकताही येईना, गाठ सुटेना. मी हात लावला नाही. बघत उभी राहिले. बरं वाटलं. खोटं कशाला बोलू?

गाडीत नवरा म्हणाला, "सॉरी म्हणून टाक. आपल्याला ह्याच लोकांत राहायचंय."

"तू राहा."

मागच्या सीटवरून मुलीनं डचमध्ये विचारलं, आजी खरंच नाचायची? मी मराठीत म्हटलं, "हो. आणि तिचं नाव आता तोंडपाठ कर."

सॉरी म्हणणार नाही. त्याच हॉलमध्ये मी फड लावणार आहे, आईच्या नावाचा. तिकीट लावून. ह्या बायका येतील. न येऊन सांगतात कुणाला, लावणी सोडवत नाही त्यांना. त्या खाली बसतील, मी वर असेन. आणि एकेकीच्या डोळ्याला डोळा भिडवून नाचेन. मान खाली घालायची पाळी आता त्यांची.